मुख्य चालक

आमच्या भागात गाडी चालवणाऱ्या कुठल्याही बाईला विचारा, शिकलात कुणाकडे म्हणून. निम्म्याजणी तरी सांगतील, "ब्रेकबाईंकडे." त्यांचं खरं नाव फक्त लायसन्सवर उरलं होतं. ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत शिकवणाऱ्याच्या पायाशी एक जादा ब्रेक असतो, त्यावरून हे नाव पडलं आणि बाईंनी ते चांगलं मिरवलं. रस्त्यात कुणी दुकानदार म्हणाला, "ब्रेकबाई, जरा थांबा हो," की त्या उलटून म्हणायच्या, "थांबायचं मला शिकवताय?"

मीही त्यांच्याकडेच शिकले. पुढे लग्न होऊन त्यांच्याच इमारतीत, त्यांच्या खालच्या मजल्यावर राहायला आले. शिष्येची शेजारीण झाले, पण "बाई" म्हणणं सुटलं नाही.

पहिल्या दिवशी त्या गाडी सुरूच करू देत नसत. आधी खाली वाकायला लावायच्या आणि स्वतःच्या पायाजवळचा तो जादा ब्रेक दाखवायच्या. "हा माझा. तू चुकलीस तर मी हा दाबणार. नीट बघून ठेव. उद्या गाडी आपोआप थांबली तर भुताटकी वाटायला नको." मग सगळं शिकवणं संपून आपण एकट्याने रस्त्यावर जायच्या आधी त्या दोन्ही पाय सीटवर घेऊन मांडी घालून बसायच्या आणि म्हणायच्या, "चल. आता माझे पाय वर आहेत." एवढी भीती मला पुढे बाळंतपणातही वाटली नाही. आणि एवढा विश्वासही आयुष्यात माझ्यावर कुणी टाकला नव्हता.

बाईंचा नवरा लवकर गेला. मुलगा तेव्हा शाळेत होता. ड्रायव्हिंग स्कूल म्हणजे काय, तर एक गाडी आणि एक बाई. त्या एका गाडीवर त्यांनी मुलाला शिकवलं, मोठं केलं, मार्गी लावलं. तो आता शहराच्या दुसऱ्या टोकाला बायको-मुलीसह राहतो. विमा कंपनीत आहे. अपघातांचे अहवाल वाचणं हेच त्याचं काम. स्वभावाने शांत, बोलायला गोड, आईचा एकुलता एक. गाडी अर्थातच आईकडे शिकला.

बाईंच्या गुडघ्यांनी संप पुकारला तेव्हा त्यांनी स्कूल बंद केलं, गाडी मात्र ठेवली. त्यातला जादा ब्रेक मिस्त्रीकडून काढून घेतला. हा मिस्त्री म्हणजे घरचाच माणूस. कोपऱ्यावर त्याचं गॅरेज. बाईंच्या गाडीचा आवाज तो रस्त्याच्या पलीकडून ओळखायचा. बाई म्हणायच्या, "डॉक्टरच्या बोलण्यावर मी एक वेळ शंका घेईन. मिस्त्री म्हणाला म्हणजे झालं."

आणि एक दिवस मिस्त्री म्हणाला, "बाई, हिच्या इंजिनने हात टेकले. आता हिला आणखी त्रास देऊ नका."

बाईंना ते लागलं. गाडी किरकिरत होती, पण इतकी? दोन दिवस त्यांनी किल्लीला हात लावला नाही. तिसऱ्या दिवशी मुलगा आला, शेजारी बसला, पाठीवरून हात फिरवत म्हणाला, "आई, मी तुला नवी घेऊन देतो. सुरक्षित. तुला शोभेल अशी." बाईंनी जुन्या गाडीच्या बॉनेटवर हात ठेवला, मान हलवली आणि वर निघून गेल्या. तिला नेताना त्यांनी खिडकीतूनही पाहिलं नाही.

नवी गाडी देखणी होती, यात वाद नाही. पण बाई आत बसल्या तर समोर काटेच नव्हते. ज्या गोल तबकड्यांकडे शेजारच्या सीटवरून तिरक्या नजरेने बघत त्यांनी आयुष्य काढलं, त्या जागी एक काळी गुळगुळीत काच. बटण दाबलं की काच उजळायची आणि आकडे, पट्ट्या, बाण, निळे-हिरवे दिवे सगळे एकदम अंगावर यायचे.

"ही गाडी आहे की टीव्हीचं दुकान?" बाई म्हणाल्या.

मुलगा हसला. "आई, तू त्यात काही बघूच नकोस. मी सगळं सेट करून दिलंय. तू फक्त चालव."

पहिल्या काही दिवसांत माझी बरीच करमणूक झाली. एकदा बाईंनी मला घाईने खाली बोलावलं. काचेवर कंसात अडकलेलं एक पिवळं उद्गारचिन्ह पेटलं होतं. "अगं, ही कुणावर ओरडतेय?" पुस्तिकेत पाहिलं तर मागच्या चाकात हवा कमी. मग एकदा बाजारातून परतल्या त्या फणकारतच. "गाडीला चहा हवाय म्हणे. वाफाळता कप दाखवत होती."

मी म्हटलं, "बाई, तो कप तुमच्यासाठी. तुम्ही दमलात, थोडं थांबा, असं ती सांगतेय."

"मी दमले हे ठरवणारी ही कोण? ओळख ना पाळख!"

पण राग ओसरल्यावर बाईंमधली शिकवणारी जागी झाली. चढावर गाडी उभी करून घाबरट बायकांकडून क्लच धरवून घेणारी बाई एका काचेपुढे थोडीच हरणार? रोज सकाळी त्या पार्किंगमध्ये उभ्या गाडीत जाऊन बसू लागल्या. मांडीवर जाडजूड पुस्तिका, नाकावर चष्मा. मला वेळ असला की मी शेजारी. दिवसाला एकच गोष्ट शिकायची, हा त्यांचा जुना नियम त्यांनी स्वतःला लावला.

आधी दिव्यांचे रंग. लाल म्हणजे आत्ता थांब, पिवळा म्हणजे लवकर बघ, हिरवा-निळा म्हणजे नुसतं चालू आहे एवढंच. "हे बरंय," बाई म्हणाल्या, "सिग्नलचीच भाषा." मग स्टिअरिंगवरची बटणं. डावीकडच्या बाणांनी काचेवरची पानं उलटतात, मधलं दाबलं की निवड होते, हे हाती लागल्यावर त्यांना चेव आला. काचेची मांडणी बदलता येते, हेही कळलं. एका मांडणीत नुसते आकडे, एकीत मधोमध नकाशा, आणि एकीत चक्क दोन गोल तबकड्या, पांढऱ्या बारीक काट्यांसह. ती दिसली तेव्हा बाईंनी माझा हातच धरला.

"काटाच हवा. काटा चढताना दिसतो गं. आकडा नुसता बदलतो."

मग आम्ही ती काच बाईंसारखी करत गेलो. गाण्यांचा चौकोन काढून टाकला. त्या जागी शिल्लक पेट्रोलवर किती पल्ला गाठता येईल ते आणलं. झगझगीत निळा काढून मवाळ नारिंगी रंग लावला, उजेड कमी केला. अक्षरं सगळ्यात मोठी केली. भाषांच्या लांबलचक यादीत आपली भाषा पार तळाशी सापडली. निवडल्याबरोबर गाडी म्हणाली, "कृपया पट्टा बांधा." बाई खूश. "आता हिच्याशी भांडता तरी येईल."

एक पान तेवढं आम्ही कधी उघडलं नाही. चालकाची माहिती असं काहीतरी त्यावर होतं. "ते त्याने भरलंय," बाई म्हणाल्या. "त्याच्या कामात आपण हात घालायचा नाही."

या सगळ्यात एका गोष्टीचं बाईंना फार अप्रूप होतं. त्या जरा लांब निघाल्या, शहराबाहेरच्या वळणरस्त्याच्या पुढे गेल्या, की मुलाचा फोन यायचाच. "आई, कुठे आहेस? सहजच केला." बाजारात गेल्या, दवाखान्यात गेल्या तर नाही, लांब गेल्या की हमखास. त्या मला मुद्दाम सांगायच्या. "याला म्हणतात आतडं. मी काही न सांगता निघते, तरी त्याला तिथे बसल्या जागी कळतं बघ." कधी जिन्यात भेटल्या तरी तेच सांगायच्या. माझ्या मुलाचा आठवड्यात एक फोन आला तर पुष्कळ, त्यामुळे मला थोडा हेवाही वाटायचा.

दुसरी एक बारीकशी कुरकुर होती. मोकळ्या रस्त्यावर गाडी एका मर्यादेनंतर दमते, असं त्यांना वाटायचं. पाय दाबावा आणि ती पुढे जाईना. मुलाला विचारलं तर तो म्हणाला, "नवी आहे आई. थोडी रुळू दे. आणि पेट्रोल वाचवायच्या मोडवर असेल." बाईंनी मान्य केलं. आपल्याला नव्या गाड्यांतलं काय कळतंय!

त्या दिवशी बाई धाकट्या बहिणीला भेटायला शेजारच्या गावी निघाल्या होत्या. मलाही तिकडे काम होतं, म्हणून मी बरोबर. दुपार होती, ऊन स्वच्छ. दोन पदरी रस्ता, येणारे-जाणारे समोरासमोर. पुढे लाकडं भरलेला एक ट्रक रखडत चालला होता. बाईंनी खूप वेळ वाट पाहिली. समोरचा रस्ता लांबवर मोकळा दिसला, तेव्हा आरसा पाहिला, इशारा दिला आणि बाहेर काढली गाडी. सगळं पुस्तकात लिहितात तसं.

आम्ही ट्रकच्या बरोबरीला आलो आणि उतार लागल्यावर ट्रकवाल्यानेही वेग धरला. बाईंनी पाय दाबला. पांढरा काटा सत्तरवर जाऊन असा थांबला, जसा कुणी बोटाने धरून ठेवलाय. गाडी टुंग-टुंग वाजू लागली. बाईंनी पाय तळापर्यंत नेला. काटा हलेना. शेजारी ट्रकची चाकं, माझ्या खिडकीएवढी उंच. आणि समोरच्या वळणावरून एक बस बाहेर आली.

मी ओरडले की नाही, आठवत नाही. बाई ओरडल्या नाहीत. त्यांनी पाय उचलला, ब्रेक दाबला, ट्रकला पुढे जाऊ दिलं आणि त्याच्या मागे परत आपल्या बाजूला शिरल्या. बस भोंगा वाजवत निघून गेली. तिचा वारा गाडीला लागला.

पुढे एका झाडाखाली त्यांनी गाडी घेतली. हात स्टिअरिंगवरच होते.

"ही रुळायची राहिलीय म्हणून नाही थांबली," त्या म्हणाल्या. "हिला कुणीतरी थांबवलंय."

त्यांनी डावीकडचा बाण दाबला. पानं उलटत गेली: टायर, पेट्रोल, प्रवास. मग ते न उघडलेलं पान. आम्हीच मोठी केलेली अक्षरं, आम्हीच निवडलेली भाषा. त्यामुळे चुकीचं वाचायची सोयच नव्हती.

चालक: आई. प्रकार: मर्यादित. कमाल वेग: सत्तर. ठरलेल्या क्षेत्राबाहेर गेल्यास सूचना: चालू. त्याखाली: हे बदल फक्त मुख्य चालक करू शकतो. आणि मुख्य चालक म्हणून मुलाचं नाव, आडनावासकट.

बाईंनी ते दोनदा वाचलं असावं. दुसऱ्यांदा ओठ हलवत. तेवढ्यात त्यांच्या पर्समधला फोन वाजला. मी काढून दिला. मुलगाच होता. फोन स्पीकरवर होता म्हणून मला ऐकू आलं.

"आई, कुठे आहेस? सहजच केला."

बाई काचेकडे बघत राहिल्या.

"आई? ऐकू येतंय ना?"

"येतंय," बाई म्हणाल्या. "आता सगळं ऐकू येतंय." आणि फोन ठेवून दिला.

बहिणीकडे न जाता आम्ही माघारी फिरलो. वाटेत त्या एकच वाक्य बोलल्या. "मी लोकांना सांगत सुटले होते गं, की त्याला आतून कळतं."

वेगाचं त्यांना तितकं लागलं नव्हतं. ते फोन त्यांच्यापासून काढून घेतले गेले होते, मागचे सगळे, एकदम.

त्या तडक मुलाकडे गेल्या. मी म्हटलं, मी खाली थांबते. "नाही," त्या म्हणाल्या. "तू चल. तू त्या ट्रकशेजारी होतीस." दार सुनेने उघडलं. मुलगा त्या दिवशी घरून काम करत होता. आईचा चेहरा बघून तो उभा राहिला आणि त्याला कळलं, हे मला त्याच्या चेहऱ्यावरून कळलं.

"आई, आधी बस."

"मर्यादित म्हणजे काय रे?" बाई उभ्याच होत्या.

"तुझ्या सुरक्षिततेसाठी केलं आई. शोरूममध्येच करून घेतलं. तुला कधी त्रास होणार नाही, कळणारसुद्धा नाही असं ते म्हणाले होते."

"त्रास झाला. आज बस समोर होती आणि माझ्या पायाखाली गाडी नव्हती."

त्याने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. त्याचा चेहरा उतरला. पण माणूस अडचणीत आला की मागे सरकण्याआधी एकदा तरी उलटा हल्ला करतो, तसा तो म्हणाला, "आणि उड्डाणपुलावर? तिथे तू उलट्या बाजूने शिरली होतीस. मागच्या सीटवर माझी मुलगी होती."

बाईंनी सुनेकडे बघितलं. सून जमिनीकडे बघत होती.

मला ही गोष्ट ठाऊक नव्हती. वसंतात नवा पूल सुरू झाला तेव्हा पाट्या नीट लागल्या नव्हत्या. बाई जुन्या गाडीने चुकीच्या तोंडाने आत शिरल्या, लगेच लक्षात आलं, थांबल्या, मागे घेतली. सून आणि नात गाडीत होत्या. घरी पोचताना बाई सुनेला म्हणाल्या होत्या, याला सांगू नकोस, उगीच घाबरेल. सून "नाही सांगत आई" म्हणाली होती.

"तू माझ्यापासून लपवलंस," मुलगा म्हणाला. "आम्ही तुझ्यापासून लपवलं. मी रोज ऑफिसात हेच वाचतो आई, वयस्क चालक, वयस्क चालक. मी काय करायचं होतं?"

बाई आता बसल्या. "मी लपवलं, ते चुकलं माझं. त्याच संध्याकाळी सांगायला हवं होतं."

तो जरा सैलावला. "आणि तूच तर आयुष्यभर हे केलंस. दुसऱ्याच्या गाडीत तुझ्या पायाखाली ब्रेक असायचाच की."

"असायचा," बाई म्हणाल्या. त्यांचा आवाज चढला नाही. "पण मी तो पहिल्या दिवशी दाखवायचे. तुलाही दाखवला होता. खाली वाकवून. शिकणाऱ्याला माहीत असायचं की बाईचा पाय आहे. आणि समोरून गाडी आली तर मी शेजारी बसलेली असायचे, त्याच काचेमागे. तू कुठे होतास आज?"

आतून कुठूनतरी टीव्हीवर कार्टूनचा आवाज येत होता, तेवढाच.

मग सुनेला रडू फुटलं. तिला सगळं एकदाच संपवायचं असावं. "आई, जुन्या गाडीचंही... यांनी मिस्त्रींना सांगितलं होतं तसं म्हणायला. ती बिघडली नव्हती."

मुलगा "अगं" म्हणाला, पण ते बोलणं आता परत घेता येणार नव्हतं.

बाई उठल्या. दारापाशी जाऊन चपला घालताना त्यांचा तोल थोडा गेला, मुलाने हात पुढे केला. त्यांनी भिंतीचा आधार घेतला.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या गॅरेजवर गेल्या. मी कामावर निघाले होते, त्यांना एकटीने जाताना पाहिलं आणि मागोमाग गेले. मिस्त्री एका गाडीखाली होता, नुसते पाय बाहेर. बाई त्या पायांपाशी उभ्या राहिल्या.

"मिस्त्री, बाहेर या."

तो बाहेर आला. हात फडक्याला पुसत राहिला, पुसून झाले तरी.

"इंजिनने हात टेकले होते ना?"

मिस्त्री मुलासारखा युक्तिवाद करणारा नव्हता. तो म्हणाला, "नाही बाई. ठणठणीत होती."

"मग?"

"साहेब आले. म्हणाले, तुमचं ऐकते ती, माझं ऐकणार नाही. म्हणाले, उद्या काही झालं तर तुम्हाला झोप लागेल का? मला वाटलं, लेकच आहे, वाईट थोडंच करेल."

"तो लेक आहे," बाई म्हणाल्या. "त्याला माझ्या जिवाची भीती होती, म्हणून तो खोटं बोलला. तुम्हाला कशाची भीती होती?"

मिस्त्री खाली बघत राहिला. मग म्हणाला, "एका नर्सबाईंनी घेतलीय ती. दोन गावांत ड्युटी असते त्यांची. छान चालतेय. सांगा तर मी बोलून बघतो त्यांच्याशी."

"नको. तिला लागतेय ना, तिच्याकडेच राहू दे." आणि निघताना म्हणाल्या, "तुमच्याकडे मी माझी गाडी नव्हते आणत, मिस्त्री. माझा भरवसा आणत होते. तो आता दुसरीकडे न्यावा लागेल."

त्यानंतर त्यांनी त्या गॅरेजच्या कोपऱ्यावरून जाणंही सोडलं. लांबून वळसा घालतात.

मला वाटलं होतं, बाई आता ती गाडी मुलाच्या दारात नेऊन उभी करतील, किंवा चालवणंच सोडतील. त्यांनी दोन्ही केलं नाही. मुलाला निरोप पाठवला: मी डोळे तपासून घेते आणि लायसन्सच्या ऑफिसात जाऊन पुन्हा परीक्षा देते. नापास झाले तर किल्ली तुझी, मी एक शब्द बोलणार नाही. पास झाले तर मुख्य चालक मी.

ऑफिसातल्या लोकांना पटेना की कुणी न सांगता, मुदत न संपता एक बाई स्वतःहून परीक्षा मागतेय. शेवटी एक परीक्षक तयार झाला. अनोळखी, आंबट चेहऱ्याचा. त्याने बाईंना गर्दीतून फिरवलं, चढावर थांबवलं, अरुंद जागेत गाडी लावायला सांगितली. मुलगा फाटकाबाहेर उभा होता. मीही होते. बाई परत आल्या तेव्हा परीक्षक म्हणाला, "पास. पण मागे घेताना मान पूर्ण वळत नाही तुमची. डाव्या बाजूचं राहून जातं."

"बरोबर आहे," बाई म्हणाल्या. "वळत नाही." आणि त्याच आठवड्यात त्यांनी आत एक रुंद आरसा बसवून घेतला.

फाटकापाशी मुलाचे डोळे भरून आले होते. तो पुढे झाला. "आई, मला खरंच वाटलं नव्हतं, तुला आता जमेल..."

"हेच तू मला आधी म्हणाला असतास," बाई म्हणाल्या, "तर मी आधीच आले असते परीक्षेला. तुझ्याबरोबर. हसत."

तिथेच, गाडीत बसून, त्याने पासवर्ड सांगितला. तो करू लागला तर त्यांनी त्याचा हात बाजूला केला. बाण दाबत, पानं उलटत स्वतः केलं. मर्यादा काढली, सूचना बंद केली, मुख्य चालकाच्या जागी स्वतःचं नाव घातलं, ते लायसन्सवरचं खरं नाव. "हा चालक कायमचा काढायचा का?" असं गाडीने मुलाच्या नावापुढे विचारलं. मी मागच्या सीटवरून पाहत होते. बाईंचं बोट क्षणभर थांबलं. मग त्यांनी "हो" दाबलं.

पुढे सगळं वरवर पूर्वीसारखं झालं. सुट्टीच्या दिवशी त्या तिकडे जेवायला जातात, नातीचा अभ्यास घेतात. सुनेशी बोलतात, पण आता तिला आपल्यातलं काही सांगत नाहीत; हवापाणी, भाजी, नातीची शाळा, एवढंच. मुलाचा फोन येतो. पहिल्या रिंगला उचलायच्या, त्या आता थोडा वाजू देतात. "कशी आहेस?" तो विचारतो. "बरी आहे," त्या सांगतात. आणि फोन ठेवल्यावर, हे त्यांनीच मला सांगितलं, त्यांच्या मनात दर वेळी येतं की हा आत्ताच का आला असेल.

मी एकदा विचारलं, "बाई, राग गेला नाही का अजून?"

"राग केव्हाच गेला गं. राग असता तर बरं होतं. भांडून मोकळी झाले असते." मग म्हणाल्या, "त्याने वाईट केलं असतं तर क्षमा करता आली असती. त्याने चांगलं केलं ना, माझ्या पाठीमागे. त्याचं काय करायचं तेच मला कळत नाही."

हिवाळ्याच्या सुरुवातीला मुलगा ऑफिसच्या पायऱ्यांवरून घसरला, घोट्याचं हाड मोडलं. प्लास्टर निघाल्यावर व्यायामासाठी दवाखान्यात न्यायचं होतं, सुनेला रजा नव्हती. बाई म्हणाल्या, मी नेते. तो काठी टेकत आला आणि शेजारच्या सीटवर बसला. दोघंच होते. बाईंनी परत आल्यावर मला सांगितलं म्हणून मला माहीत.

बराच वेळ तो काचेकडे बघत होता. नारिंगी तबकड्या, पांढरे काटे. शेवटी म्हणाला, "छान लावलंयस आई हे. काटे."

"हं."

"मला दाखवलंच नव्हतंस कधी."

"तू विचारलं नव्हतंस," बाई म्हणाल्या.

दवाखान्याच्या दारात त्यांनी गाडी अगदी पायरीला लावून दिली, त्याला फार चालायला लागू नये म्हणून. तो उतरला, दार लावायला वळला आणि तसाच उभा राहिला, काहीतरी म्हणायचं असल्यासारखा. मागे एक गाडी भोंगा वाजवू लागली.

"जा," बाई म्हणाल्या. "वेळ होईल. जपून चढ, फरशी ओली आहे."